चित्र पाहताना आपण काय पाहतो?

(आदिवासी सेवाकार्याच्या वार्षिक सहाय्यक मेळाव्यात केलेल्या भाषणाचा मजकूर)



दरवर्षी या मेळाव्यात आपण कामाचा अहवाल ऐकता. किती मुले शाळेत टिकली, किती जणांवर उपचार झाले, शिवणवर्गातून किती भगिनी शिकून बाहेर पडल्या. यंदाचा अहवाल छापून आपल्या हाती दिलाच आहे, म्हणून तो मी वाचून दाखवत नाही. मला बोलायचे आहे ते त्या अहवालाच्या मुखपृष्ठाबद्दल. त्यावर एक वारली चित्र आहे. बाहेरच्या टेबलावर ठेवलेल्या शुभेच्छापत्रांवरही तशीच चित्रे आहेत. आपल्यापैकी पुष्कळांनी ती पत्रे हातात घेऊन पाहिली, 'किती सुंदर!' म्हटले. ते चित्र पाहताना आपण नेमके काय पाहतो, हा आज माझा विषय आहे.

भूक, आजार, स्थलांतर सोडून ही बाई चित्रांवर काय बोलत बसली, असे कोणाला वाटेल. पण इतकी वर्षे पाड्यांवर काम करताना माझी एक खात्री झाली आहे. आपण चित्राकडे ज्या डोळ्यांनी पाहतो, त्याच डोळ्यांनी माणसाकडेही पाहतो. ते डोळे आधीच भरलेले असतात. त्यांत आपल्या आठवणी असतात आणि त्या आठवणींवर उभी राहिलेली कल्पना असते.

पावसाळ्यात भिंतीला ओल येते, डाग पडतात. लहानपणी अंथरुणात पडल्या पडल्या त्या डागांत आपण घोडा पाहिला आहे, म्हातारी पाहिली आहे, डोंगर पाहिला आहे. लिओनार्दो दा विंची यांनी तर चित्रकारांना सल्लाच दिला होता की, डाग पडलेल्या भिंतीकडे टक लावून पाहत जा, त्यात तुम्हाला डोंगर, नद्या, लढाया, चेहरे दिसतील. भिंतीवर तर नुसती ओल असते. घोडा आपण आपल्याजवळून घालतो. कला-इतिहासकार अर्न्स्ट गोम्ब्रिख यांनी १९६० साली प्रसिद्ध झालेल्या आपल्या पुस्तकात हेच सविस्तर मांडले आहे. चित्रकार चित्र अर्धे करून आपल्या हाती देतो आणि पाहणारा आपला वाटा घालून ते पुरे करतो.

आपल्या घरातील चित्रे

आधी आपल्याच घरातल्या भिंती पाहू. नाताळात आपण गव्हाणीचा देखावा करतो. बाळ येशू, मरीया, योसेफ, बैल, गाढव, मेंढपाळ आणि तीन मागी. आता घरी गेल्यावर पवित्र शास्त्र उघडून पाहा. लूकच्या जन्मकथेत गव्हाण आहे, पण बैलाचा किंवा गाढवाचा उल्लेख नाही. मत्तयाने मागी लोकांच्या तीन भेटी सांगितल्या आहेत, पण मागी किती होते हे सांगितलेले नाही. ही भर शतकानुशतकांच्या चित्रांनी आणि देखाव्यांनी घातली. आता आपण शास्त्र वाचतो तेव्हाही आपल्याला गाढव दिसते.

प्रभुभोजनाचे चित्र आपल्या कितीतरी घरांत जेवणाच्या जागी लावलेले असते. मूळ चित्र लिओनार्दो यांनी पंधराव्या शतकाच्या अखेरीस मिलान शहरातील एका मठाच्या भोजनगृहाच्या भिंतीवर काढले. लांब टेबल, त्यावर पांढरी चादर आणि सगळे एकाच बाजूला बसलेले. त्या मठातील भिक्षू जसे टेबलाशी बसून जेवत, तसेच प्रभू आणि शिष्य दाखवले आहेत. प्रत्यक्षात त्या काळी मेजवानीला लोक बैठ्या मेजाभोवती कुशीवर रेलून बसत. म्हणूनच योहानाच्या शुभवर्तमानात एक शिष्य प्रभूच्या उराशी टेकलेला आढळतो. खुर्चीवर बसून ते जमणार नाही. जमिनीवर बसून, एकमेकांच्या खांद्याला खांदा लावून जेवणारा पाड्यावरचा माणूस त्या रात्रीच्या भोजनाला आपल्यापेक्षा जवळचा आहे. पण आपल्याला मात्र त्याला टेबलाशी बसायला शिकवावेसे वाटते.

प्रभू येशूच्या चेहऱ्याचेही तसेच. अमेरिकन चित्रकार वॉर्नर सॉलमन यांनी १९४० साली काढलेल्या चित्राच्या कोट्यवधी प्रती जगभर गेल्या. लांब केस, उजळ चेहरा, वर पाहणारी नजर. शुभवर्तमानांत प्रभूच्या रूपाचे वर्णन एका शब्दानेही केलेले नाही. तरी कोणी वेगळा येशू काढला की आपण म्हणतो, 'हा येशूसारखा दिसत नाही.'

गोव्यात १९०२ साली जन्मलेले चित्रकार अँजेलो द फोन्सेका यांच्या वाट्याला हेच आले. ते बंगालमध्ये अवनींद्रनाथ टागोर यांच्याकडे शिकले आणि परत येऊन त्यांनी साडी नेसलेली मरीया काढली. आपल्याच बायाबहिणींसारखी, आपल्याच रंगाची. ती चित्रे तिथल्या अनेकांना रुचली नाहीत, विरोध झाला. मग ते पुण्याला ख्रिस्त प्रेम सेवा संघाच्या आश्रमात येऊन राहिले आणि १९६७ साली त्यांचे निधन होईपर्यंत चित्रे काढत राहिले. विरोध करणारे लोक भाविक होते. पण त्यांच्या मनातली मरीया युरोपातून आलेल्या चित्रांची होती, आणि त्या आठवणीमुळे समोरची मरीया त्यांना ओळखू आली नाही. आज तीच चित्रे गोव्यात जपून ठेवली आहेत.

उधळ्या पुत्राचे पाय

आता एका चित्राबद्दल जरा सावकाश बोलते. लूकच्या पंधराव्या अध्यायातील उधळ्या पुत्राची गोष्ट आपणा सर्वांना पाठ आहे. डच चित्रकार रेम्ब्रँट यांनी ती रंगवली. ते चित्र आज रशियात सेंट पीटर्सबर्ग येथील हर्मिटाज संग्रहालयात आहे. साडेआठ फूट उंचीचे हे चित्र आहे. म्हातारा बाप वाकून उभा, त्याचे दोन्ही हात मुलाच्या पाठीवर. मुलगा गुडघ्यांवर, डोके बापाच्या छातीशी, पाठ आपल्याकडे. बाजूला काही माणसे नुसती पाहत उभी.

रेम्ब्रँट यांनी तरुणपणी, १६३५ च्या सुमारास, याच गोष्टीतला मुलगा एकदा काढला होता. हातात मद्याचा पेला उंचावून खिदळणारा. त्या मुलाला त्यांनी स्वतःचा चेहरा दिला आणि त्याच्या मांडीवर बसलेल्या स्त्रीला आपल्या पत्नीचा, सास्कियाचा. पुढे तीन मुले तान्हेपणीच गेली. १६४२ साली सास्किया गेली. १६५६ साली दिवाळे निघाले. १६६८ साली तरुण मुलगा तितुस वारला. १६६९ साली ते स्वतः गेले. बापाच्या मिठीचे चित्र या शेवटच्या वर्षांतले आहे. पंचविशी-तिशीतल्या माणसाला त्या गोष्टीत उधळपट्टी दिसली, आणि साठीत घरी परतणे दिसले. गोष्ट तीच होती. मधल्या तीस वर्षांच्या आठवणींनी ती बदलली.

हेन्री नौवेन नावाच्या डच धर्मगुरूंनी १९८३ साली या चित्राची छापील प्रत पाहिली आणि ती त्यांच्या मनातून जाईना. १९८६ साली ते मूळ चित्र पाहायला रशियात गेले, तासन्‌तास त्याच्यासमोर बसले. पुढे त्यावर त्यांनी पुस्तक लिहिले. आरंभी त्यांना स्वतःमध्ये धाकटा मुलगा दिसला, मग घरीच राहून कुढणारा थोरला दिसला आणि शेवटी कळले की आपल्याला बाप व्हायचे आहे. तोवर ते नामांकित विद्यापीठांतले अध्यापन सोडून बौद्धिक अपंगत्व असलेल्या लोकांसोबत राहायला गेले होते.

या चित्राची एक मोठी प्रत मी मोखाड्याकडच्या एका पाड्यावर नेली होती. मे महिन्याची अखेर होती, वीटभट्ट्यांवरून लोक नुकतेच परतले होते. बायका ओट्यावर बसल्या होत्या. मी गोष्ट सांगितली नाही, नुसते चित्र मधे धरले आणि विचारले, हे कोण असावेत?

आपल्याकडे संडे स्कूलमध्ये हे चित्र दाखवले की मुले बापाचा लाल शेला पाहतात, बापाचा चेहरा पाहतात. त्या बायकांनी आधी पाय पाहिले. त्या चित्रात मुलाच्या एका पायातली वहाण निघाली आहे आणि मळलेला तळवा आपल्याकडे आहे. एक जण म्हणाली, "लांबून चालत आलाय हा." दुसरीने त्याचे भादरलेले डोके पाहिले आणि विचारले, "घरात कोणी मेलंय का?" मग तिसरी म्हणाली, "आई दिसत नाही यात. आई गेली असेल, आणि हा उशिरा पोचला."

सगळ्या गप्प झाल्या. त्यांतल्या एकीची सासू माघात वारली तेव्हा नवरा भट्टीवर होता. दिवाळीआधी घेतलेली उचल फिटली नव्हती, मुकादमाने सोडले नाही. तो पोचला तेव्हा दिवससुद्धा होऊन गेले होते. चित्रात आई नाही हे माझ्या कधी ध्यानात आले नव्हते, कारण माझ्या आठवणीत ते दुःख नाही. त्यांच्या आठवणीत होते, म्हणून त्यांना ते दिसले.

मग मी गोष्ट सांगितली. बापाने झगा, अंगठी आणि पायांत जोडा आणायला सांगितले, इथवर आले तेव्हा तीच बाई म्हणाली, "पायांत घातलं ते बरं केलं." इतकी प्रवचने मी ऐकली आहेत, पण अंगठीवर भरपूर आणि जोड्यावर एखादे वाक्य असेच ऐकले आहे. आता हा अध्याय वाचताना मी जोड्यापाशी थांबते.

चौकातली आठवण

आता मुखपृष्ठावरच्या चित्राकडे येऊ. वारली चित्रे आज पिशव्यांवर, साड्यांवर, हॉटेलांच्या भिंतींवर सगळीकडे आहेत. आपल्याला दिसतात त्रिकोणांची माणसे आणि गोल फेर धरून नाचणारी रांग. छान नक्षी. पण ज्यांची ती आहेत त्यांना तिथे काय दिसते?

मुळात ही चित्रे लग्नाची. लग्न ठरले की घरातली भिंत गेरूने सारवायची. तांदळाच्या पिठाचे पाणी करायचे, बांबूची काडी टोकाला चावून मऊ करायची आणि सवाशिणींनी चौक लिहायचा. होय, लिहायचा असेच म्हणतात. चौकटीच्या मधोमध पालघाट देवी, भोवती झाडे, जनावरे, शेत, माणसे, घोड्यावरचे नवरानवरी. लग्न लावते ती धवलेरी, म्हणजे एक स्त्रीच. चौक लिहिल्याशिवाय लग्न लागत नाही. त्या भिंतीसमोर उभी असलेली म्हातारी आपले स्वतःचे लग्न पाहत असते, आपल्या आईचे हात पाहत असते.

गोल फेर आपल्याला नक्षी वाटतो. मधला माणूस तारपा वाजवत असतो. वाळलेल्या भोपळ्याचे ते वाद्य. भात कापून झाल्यावरच्या रात्री तो फेर धरतात. घरात धान्य आले आहे, अजून कोणी भट्टीवर गेलेले नाही, सगळे जण गावात आहेत, अशा थोड्या दिवसांची आठवण त्या फेरात असते.

डहाणू तालुक्यातील जिव्या सोमा म्हसे यांनी ही कला कागदावर आणि कापडावर आणली, ती जगभर नेली. २०११ साली त्यांना पद्मश्री मिळाली, २०१८ साली त्यांचे निधन झाले. त्यांच्याबद्दल सांगतात की लहानपणी आई गेली आणि त्यांनी बोलणे सोडले. कित्येक दिवस ते फक्त मातीत रेघा ओढून सांगायचे ते सांगत. हे कळल्यावर त्यांचे मासेमारीच्या जाळ्याचे प्रसिद्ध चित्र पाहावे. कागदभर पसरलेले ते जाळे, हजारो बारीक रेघा. पूर्वी ज्यात केवळ कौशल्य दिसले असते, त्यात आता एक न बोलणारे पोर दिसू लागते.

माणसाचे चित्र

बंधुभगिनींनो, आता मला जे खरे सांगायचे आहे ते सांगते. आपल्या मनात आदिवासींचीही दोन चित्रे आहेत. एक निरागस, हसरा, निसर्गाच्या कुशीत नाचणारा आदिवासी. दुसरा उपाशी, केविलवाणा, हात पसरलेला आदिवासी. पहिले चित्र आपल्याला पाठ्यपुस्तकांनी आणि कॅलेंडरांनी दिले, दुसरे निधी गोळा करणाऱ्या पत्रकांनी दिले. आपल्या या त्रैमासिकात छापलेल्या फोटोकडे पाहतानाही या दोनपैकी एक चित्र आधी पुढे येते आणि फोटोतला खरा माणूस मागे राहतो.

यातून काय होते? एका शहरातल्या मंडळीने नाताळात पाड्यावर ब्लँकेटे आणली. मोठ्या प्रेमाने, स्वतःच्या खर्चाने टेम्पो करून. त्यांच्या मनात थंडीने कुडकुडणारा पाडा होता. प्रत्यक्षात पाडा रिकामा होता. दिवाळीनंतर बहुतेक घरे भट्टीवर जातात, ती पावसाच्या तोंडावर येतात. मागे राहतात म्हातारी माणसे आणि थोडी मुले. ब्लँकेटे वाया गेली नाहीत, म्हाताऱ्यांना ऊब मिळाली. पण त्या दिवशी एका आजोबांनी पाहुण्यांना जवळ बसवून विचारले, पोरांना भट्टीवर न्यावे लागू नये असे काही करता येईल का? यंदाच्या अहवालात हंगामी वसतिगृहासाठी जी विनंती आहे, तिची सुरुवात त्या प्रश्नापासून झाली. पाहुणे तासभर बसले म्हणून तो प्रश्न त्यांना ऐकू आला.

कल्पनाशक्ती ही देवाची देणगी आहे. तिच्यावाचून दया उपजत नाही. चांगल्या शोमरोन्याच्या दाखल्यात याजक आणि लेवी यांनाही तो जखमी माणूस दिसलाच होता. शोमरोन्याने त्याच्या जागी स्वतःला ठेवले. पण कल्पनेला दुसऱ्याची आठवण मिळाली नाही तर ती आपल्याच मनातले चित्र पाहत बसते. म्हणून ऐकावे लागते.

शेवटी एका भिंतीबद्दल सांगते. विश्वासात आलेल्या एका वारली कुटुंबात लग्न होते. भिंतीचे काय करायचे, यावर मंडळीत वाद झाला. मध्ये देवी असते, तेव्हा भिंत कोरी ठेवा, असे काही वडीलधाऱ्यांचे म्हणणे. तरुणांना फ्लेक्स लावायचा होता. बायकांनी कोणाशी वाद घातला नाही. त्यांनी भिंत सारवली आणि सगळे लिहिले. डोंगर, माड, भाताची खाचरे, मोर, तारप्याचा फेर, घोड्यावरचे नवरानवरी. मधली चौकट मात्र नुसती गेरूची, मोकळी ठेवली.

शहरातून आलेल्या एका पाहुण्यांना वाटले की काम अपुरे राहिले. त्यांनी तसे विचारलेही. त्या घरच्या आजी म्हणाल्या, "राहिलं नाही. त्याचं रूप अजून आमच्या हाताला आलं नाही. येईल तेव्हा लिहू."

निर्गमाच्या पंचविसाव्या अध्यायात कराराच्या कोशाचे वर्णन आहे. वर दोन करूब, पंख पसरलेले, एकमेकांकडे तोंड केलेले, आणि त्यांच्या मधोमध कोणतीही मूर्ती नाही. तिथेच देव मोशेला भेटणार होता. त्या आजींनी हा अध्याय वाचलेला नाही, त्यांना वाचता येत नाही. त्यांच्या मोकळ्या चौकटीत जुनी आठवणही होती आणि नवी वाटही होती. काही वडीलधाऱ्यांना ते आजही पटलेले नाही, हेही मी प्रामाणिकपणे सांगते. माझे मत इतकेच की आपण त्यांना शास्त्र शिकवावे, वाचून दाखवावे, त्यांच्याबरोबर प्रार्थना करावी. चौकटीत काय लिहायचे ते त्यांच्या हातांना सुचू द्यावे, आणि तोवर आपल्या घरातला कॅलेंडरचा येशू तिथे नेऊन चिकटवू नये.

आपल्याकडून माझ्या तीन मागण्या आहेत. बाहेरचे शुभेच्छापत्र घेतलेत तर मागची बाजू वाचा, ते कोणत्या पाड्यावरच्या कोणत्या भगिनीने काढले ते तिथे लिहिले आहे. बाजारात वारली नक्षीची वस्तू घेताना ती कोणी काढली, तिला मोबदला मिळाला का, हे विचारा. आणि वर्षातून एकदा पाड्यावर या. देण्यासाठी आणलेले सामान आधी खाली ठेवा, ओट्यावर बसा आणि त्यांना काय दिसते ते विचारा.

प्रभूने आपले एकही चित्र मागे ठेवले नाही. त्याने भाकर आणि प्याला दिला आणि आपली आठवण करायला सांगितले. येत्या रविवारी प्रभुभोजनाला येताना, त्या पंगतीत अजून कोण बसलेले नाही हे डोळ्यांसमोर आणण्याची कृपा तो आपल्याला देवो.

देव आपणा सर्वांना आशीर्वाद देवो. आमेन.